'अ‍ॅव्हरेज' या शब्दाचा अर्थेतिहास : सागरी हानीच्या वाटणीपासून 'सामान्य' माणसापर्यंत

प्रस्तावना

'अ‍ॅव्हरेज' हा इंग्रजी शब्द दैनंदिन मराठी व्यवहारात इतका रुळला आहे की त्याचे परकेपण आता जाणवत नाही. मोटारसायकल विकत घेणारा ग्राहक 'गाडी किती अ‍ॅव्हरेज देते?' असे विचारतो. क्रिकेटचा चाहता फलंदाजाच्या अ‍ॅव्हरेजची चर्चा करतो. महाविद्यालयाच्या प्राध्यापक कक्षात एखाद्या विद्यार्थ्याविषयी 'मुलगा अ‍ॅव्हरेज आहे' असा अभिप्राय सहज दिला जातो. पहिल्या दोन उदाहरणांत हा शब्द मोजमापाचा आहे. तिसऱ्या उदाहरणात मात्र तो मूल्यनिर्णयाचा झालेला आहे. त्या विद्यार्थ्याच्या बाबतीत कोणतीही बेरीज आणि कोणताही भागाकार केलेला नसतो, तरीही गणिताची विश्वसनीयता त्या अभिप्रायाला आपोआप प्राप्त होते.

मोजमापाचा शब्द माणसाच्या लायकीचा शब्द कसा झाला, हा प्रश्न केवळ भाषाशास्त्रापुरता मर्यादित नाही. व्यापार, सागरी कायदा, खगोलशास्त्र, संख्याशास्त्र आणि समाजविचार या सर्वांचा इतिहास या एका शब्दात साठलेला आहे. विशेष म्हणजे या शब्दाचा मूळ अर्थ 'मधला' किंवा 'सामान्य' असा नव्हताच. तो होता 'नुकसान'. आणि पुढे 'सर्वांनी मिळून सोसावयाचे नुकसान'. प्रस्तुत शोधनिबंधात या अर्थपरिवर्तनाचा ऐतिहासिक मागोवा घेण्यात आला आहे.

उद्दिष्टे

१) 'अ‍ॅव्हरेज' या शब्दाची व्युत्पत्ती व त्याचा मूळ सागरी संदर्भ स्पष्ट करणे.
२) हानीच्या वाटणीपासून अंकगणिती मध्यापर्यंत व तेथून 'सामान्य' या विशेषणापर्यंत झालेल्या अर्थपरिवर्तनाचे टप्पे शोधणे.
३) भारतीय गणितपरंपरेतील समांतर संकल्पना व मराठीतील 'सरासरी' या शब्दाचा विचार करणे.
४) या अर्थपरिवर्तनाचे आजच्या व्यवहारावर होणारे परिणाम तपासणे.

अभ्यासपद्धती

प्रस्तुत निबंधासाठी ऐतिहासिक व विश्लेषणात्मक पद्धतीचा अवलंब केला असून विवेचन द्वितीयक साधनांवर आधारलेले आहे.

१. शब्दाची व्युत्पत्ती

इंग्रजीत 'अ‍ॅव्हरेज' हा शब्द सागरी व्यापाराच्या संदर्भात पंधराव्या शतकाच्या अखेरीस आढळू लागतो. त्यावेळी त्याचा अर्थ होता जहाजाच्या वाहतुकीत मालावर पडणारा जादा आकार किंवा मालाचे प्रवासात झालेले नुकसान. हा शब्द इंग्रजीने फ्रेंच 'अवारी' या शब्दावरून घेतला. शेवटचा 'एज' हा अंश मात्र 'डॅमेज' यासारख्या शब्दांच्या धर्तीवर इंग्रजीत जोडला गेला, असे मानले जाते. फ्रेंच शब्दाच्या मागे इटालियन 'अवारिया' आहे. जेनोआसारख्या भूमध्य समुद्रावरील बंदरांच्या मध्ययुगीन कागदपत्रांत तो लॅटिन रूपात भेटतो.

त्याही मागे गेल्यास बहुतेक व्युत्पत्तिकार अरबी 'अवार' या शब्दाकडे बोट दाखवतात. 'अवार' म्हणजे दोष, व्यंग किंवा मालात आलेली खराबी. ज्या धातूपासून तो बनला त्याच धातूपासून अरबीत एका डोळ्याने अंध असलेल्या व्यक्तीसाठी 'आवर' हा शब्द तयार झाला आहे. काही अभ्यासकांनी 'जवळ असणे, मालकी असणे' या अर्थाच्या इटालियन क्रियापदाशीही 'अवारिया'चा संबंध जोडून पाहिला आहे. तथापि अरब व्यापारी आणि इटालियन बंदरे यांचे घनिष्ठ व्यापारी संबंध पाहता अरबी मूळ अधिक संभवनीय वाटते. 'टॅरिफ' आणि 'मॅगझिन' हे शब्दही अरबीतूनच युरोपीय भाषांत पोहोचले आहेत.

येथे एक गैरसमज दूर करणे आवश्यक आहे. मध्ययुगीन इंग्लंडमध्ये 'अ‍ॅव्हरेज' असाच दिसणारा आणखी एक शब्द होता. कुळाने आपल्या जनावरांनिशी जमीनदारासाठी करावयाची वेठ, असा त्याचा अर्थ होता. उच्चार व लेखन सारखे असल्याने या दोहोंची गल्लत होते. परंतु सरासरीच्या अर्थाचा आधुनिक शब्द वेठीच्या शब्दातून नव्हे, तर बंदरावरच्या शब्दातून आलेला आहे.

इतर युरोपीय भाषांशी तुलना केली असता इंग्रजीचे वेगळेपण लक्षात येते. फ्रेंचमधील 'अवारी', इटालियनमधील 'अवारिया', स्पॅनिशमधील 'अवेरिया' आणि जर्मनमधील 'हावारी' हे शब्द आजही बिघाड, अपघात किंवा नुकसान याच अर्थाने वापरले जातात. सरासरीसाठी फ्रेंच भाषेत 'मोयेन' आणि जर्मनमध्ये 'डुर्खश्निट' असे स्वतंत्र शब्द आहेत. नुकसानीचा शब्द गणिताचा शब्द होण्याची घटना प्रामुख्याने इंग्रजीतच घडली. ती का घडली, हे समजण्यासाठी सागरी कायद्याकडे वळावे लागते.

२. सागरी हानीच्या वाटणीचे तत्त्व

वादळात सापडलेले जहाज हलके करण्यासाठी काही माल समुद्रात फेकावा लागतो. माल एकाचा जातो. वाचतात मात्र सर्वजण. अशा वेळी ज्याचा माल गेला त्यानेच संपूर्ण तोटा सोसावा काय? प्राचीन भूमध्यसागरी व्यापाराने या प्रश्नाला नकारार्थी उत्तर दिले. ऱ्होड्स बेटाच्या नावाने ओळखला जाणारा हा नियम रोमन कायद्याने स्वीकारला आणि सम्राट जस्टिनियनच्या काळात इ.स. ५३३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या 'डायजेस्ट' या संहितेत तो समाविष्ट झाला. सर्वांच्या हितासाठी जे गमावले गेले, त्याची भरपाई सर्वांच्या वर्गणीतून व्हावी, असे या नियमाचे सार आहे. जहाज वाचवण्यासाठी तोडलेले शीड किंवा डोलकाठी, तसेच चाच्यांना दिलेली खंडणी यांनाही हे तत्त्व लागू होते. चाच्यांनी एखाद्या व्यापाऱ्याचा माल लुटून नेला, तर ते नुकसान मात्र त्याचे एकट्याचेच मानले जाई. कारण ते सर्वांसाठी केलेले बलिदान नव्हते.

भूमध्यसागरी बंदरांतील व्यवहाराचे नियम सांगणाऱ्या बार्सिलोनाच्या 'कोन्सुलात देल मार' या चौदाव्या शतकातील संग्रहातही समुद्रात टाकलेल्या मालाविषयीचे नियम आहेत. सोळाव्या शतकात स्पेनने अमेरिकेकडून येणाऱ्या जहाजांच्या संरक्षणाचा खर्च भागविण्यासाठी व्यापाऱ्यांवर जो कर बसविला, त्याचे नाव 'अवेरिया' हेच होते. तेथेही समान धोक्याचा खर्च सर्वांवर वाटणे हीच कल्पना होती.

या वाटणीचे गणित एका काल्पनिक उदाहरणाने स्पष्ट करता येईल. समजा, जहाजाची किंमत ६ लाख रुपये आहे. त्यावर अ या व्यापाऱ्याचा २ लाखांचा, ब चा १ लाखाचा आणि क चा १ लाखाचा माल आहे. एकूण मूल्य १० लाख झाले. वादळात क चा सर्व माल फेकावा लागला. नुकसान १ लाखाचे, म्हणजे एकूण मूल्याच्या १० टक्के आहे. आता प्रत्येकाने आपल्या मालमत्तेच्या १० टक्के भार उचलावयाचा. जहाजमालक ६० हजार, अ २० हजार आणि ब १० हजार रुपये देईल. क लाही आपल्या वाट्याचे १० हजार सोसावे लागतील आणि उरलेले ९० हजार त्याला परत मिळतील.

या उदाहरणातून दोन गोष्टी दिसतात. पहिली, वाटणी सारख्या रकमेची नाही, तर सारख्या प्रमाणाची आहे. दुसरी, या सर्व गणिताचा आरंभबिंदू क हा आहे. ज्याचे प्रत्यक्ष नुकसान झाले त्याला शोधून काढणे आणि त्याचा भार इतरांनी वाटून घेणे, हाच या गणिताचा हेतू आहे.

हे तत्त्व आजही लागू आहे. त्याचे आंतरराष्ट्रीय नियम १८६४ मध्ये यॉर्क येथे आणि १८७७ मध्ये अँटवर्प येथे तयार झाले. 'यॉर्क-अँटवर्प नियम' या नावाने ते ओळखले जातात व त्यांची अलीकडील आवृत्ती २०१६ ची आहे. भारताच्या १९६३ च्या सागरी विमा कायद्यातही 'जनरल अ‍ॅव्हरेज' ही संकल्पना आहे. मार्च २०२१ मध्ये सुएझ कालव्यात 'एव्हर गिव्हन' हे जहाज अडकले, तेव्हा त्याच्या मालकांनी 'जनरल अ‍ॅव्हरेज' जाहीर केले. जहाजावरील सुमारे १८ हजार कंटेनरमध्ये ज्यांचा माल होता, त्यांच्यावर सुटकेच्या खर्चात वाटा उचलण्याची जबाबदारी आली. लंडनमध्ये १८६९ साली स्थापन झालेली 'असोसिएशन ऑफ अ‍ॅव्हरेज अ‍ॅडजस्टर्स' ही संस्था अशा वाटण्या करणाऱ्या तज्ज्ञांची आहे. तिच्या नावातील 'अ‍ॅव्हरेज'चा अर्थ सरासरी नसून हानी असा आहे.

३. वाटणीच्या तत्त्वाची काळी बाजू

या तत्त्वाकडे केवळ आदर्श म्हणून पाहणे योग्य ठरणार नाही. वाटणीचा हिशोब मालाचा होतो. जहाजावर काय 'माल' आहे आणि काय नाही, हे मात्र समाज ठरवतो. रोमन कायद्याने स्वतंत्र माणसाच्या शरीराची किंमत करता येत नाही, असे म्हटले होते. गुलामांच्या व्यापाराने ही मर्यादा ओलांडली.

१७८१ च्या अखेरीस 'झाँग' या ब्रिटिश गुलामवाहू जहाजावरून १३० हून अधिक आफ्रिकी बंदिवानांना जिवंत समुद्रात फेकण्यात आले. पिण्याचे पाणी अपुरे पडत असल्याने उरलेल्यांना वाचवण्यासाठी हे करणे भाग पडले, असे सांगून जहाजमालकांनी विमाकर्त्यांकडे नुकसानभरपाई मागितली. हा दावा विम्याचा होता. परंतु त्यामागील युक्तिवाद समुद्रात माल टाकण्याच्या जुन्या तत्त्वाचाच होता. पहिल्या सुनावणीत ज्युरीने मालकांच्या बाजूने कौल दिला. १७८३ मध्ये लॉर्ड मॅन्सफिल्ड यांच्यापुढे प्रकरण आल्यावर फेरसुनावणीचा आदेश झाला. या हत्यांबद्दल कोणालाही शिक्षा झाली नाही. पुढे गुलामगिरीविरोधी चळवळीने हे प्रकरण इंग्लंडच्या जनतेसमोर सातत्याने मांडले. हिशोब बिनचूक असूनही तो अमानुष असू शकतो, हे या घटनेतून दिसून येते.

४. हानीच्या वाटणीकडून अंकगणिती मध्याकडे

अठराव्या शतकात इंग्रजीत 'अ‍ॅव्हरेज' या शब्दाचा अर्थ विस्तारू लागला. व्यापाऱ्यांच्या दृष्टीने 'अ‍ॅव्हरेज' म्हणजे असमान मालमत्तांवर एका समान दराने पसरवलेली रक्कम होती. 'असमान गोष्टी एकत्र करून त्या सारख्या पसरवणे' एवढाच अंश या कल्पनेतून वेगळा काढला की अंकगणिती मध्याची कल्पना हाती येते. नुकसान हा मूळ आशय गळाला आणि वाटणीची रीत तेवढी शिल्लक राहिली. अठराव्या शतकाच्या मध्यापर्यंत हा शब्द नाम म्हणून मध्याच्या अर्थाने आणि १७७० च्या सुमारास विशेषण म्हणून वापरात आलेला दिसतो.

राज्यकारभारानेही या विशेषणाला स्थैर्य दिले. इंग्लंडच्या १८१५ च्या धान्य कायद्यानुसार देशातील गव्हाचा सरासरी भाव क्वार्टरला ८० शिलिंगांपर्यंत चढल्याशिवाय परदेशी गहू विक्रीस आणता येत नसे. १८३६ च्या कायद्याने चर्चला द्यावयाचा धान्यरूप दशमांश रोख रकमेत बदलण्यात आला, तेव्हा गहू, बार्ली व ओट यांच्या सात वर्षांच्या सरासरी किमतींचा आधार घेण्यात आला. आता सरासरी ही व्यापाऱ्यांमधील तडजोड राहिली नाही; भाकरीचा भाव आणि शेतकऱ्याचे देणे तिच्यावर ठरू लागले.

याच काळात विज्ञानातही सरासरीला मान्यता मिळत होती. खगोलशास्त्रज्ञ या संकल्पनेसाठी 'मीन' हा शब्द वापरत. सोळाव्या शतकाच्या उत्तरार्धात टायको ब्राहे यांनी एकाच ताऱ्याची अनेक निरीक्षणे एकत्र करण्याची रीत अवलंबिली होती. तरीही ही रीत सर्वमान्य नव्हती. काळजीपूर्वक घेतलेले एकच निरीक्षण अनेकांच्या मध्याइतकेच भरवशाचे असते, असे मानणारे विद्वान होते. थॉमस सिम्प्सन यांनी १७५५ मध्ये रॉयल सोसायटीपुढे या मताचे गणिती खंडन केले. बंदरावरचा शब्द आणि वेधशाळेतील संकल्पना यांचे पुढे एकत्रीकरण झाले.

५. भारतीय गणितातील 'सममिती' आणि मराठीतील 'सरासरी'

असमान मापांवरून एक सम माप काढण्याची कल्पना भारतीय गणितात फार पूर्वीपासून आहे. भास्कराचार्यांच्या 'लीलावती' या ११५० च्या सुमाराच्या ग्रंथात खड्ड्याचे घनफळ काढण्याच्या प्रकरणात ती स्पष्टपणे मांडली आहे. खड्ड्याची रुंदी निरनिराळ्या ठिकाणी मोजावी, मापांच्या बेरजेस ठिकाणांच्या संख्येने भागावे आणि येणारी 'सममिती' घ्यावी. लांबी व खोलीबाबतही तसेच करावे, असा हा नियम आहे. भास्कराचार्यांच्या उदाहरणात लांबी १०, ११ व १२ हात, रुंदी ६, ५ व ७ हात आणि खोली २, ४ व ३ हात आहे. सममिती अनुक्रमे ११, ६ व ३ हात येते आणि घनफळ १९८ घनहात होते.

याच ग्रंथातील सुवर्णगणितात भारित सरासरी आहे. १३, १२, ११ व १० वर्णांचे सोने अनुक्रमे १०, ४, २ व ४ मासे घेऊन एकत्र वितळविल्यास वर्ण किती, असा तेथे प्रश्न आहे. वजन आणि वर्ण यांच्या गुणाकारांची बेरीज २४० येते. तिला २० माशांनी भागले असता उत्तर १२ वर्ण येते. प्रत्येकाचे वजन विचारात घेणारा हा हिशोब जहाजावरील प्रमाणशीर वाटणीच्या जवळ जाणारा आहे.

चाळीसगावजवळील पाटण येथील शिलालेखामुळे भास्कराचार्यांच्या परंपरेचा महाराष्ट्राशी असलेला संबंध सुपरिचित आहे. कोकणातील नांदगावचे गणेश दैवज्ञ यांनी १५४५ मध्ये 'लीलावती'वर 'बुद्धिविलासिनी' ही टीका लिहिली. जितक्या अधिक ठिकाणी मापे घ्यावीत तितकी सममिती सत्याच्या अधिक जवळ जाते, असा विचार त्यांनी मांडला आहे. अधिक निरीक्षणांमुळे अचूकता वाढते, हा सिम्प्सन यांच्या निबंधाचा विषय होता, हे येथे लक्षात घेण्यासारखे आहे.

हानी वाटून घेण्याचे तत्त्वही धर्मशास्त्राला अपरिचित नव्हते. अठरा व्यवहारपदांपैकी 'संभूयसमुत्थान' हे पद एकत्र उद्योग करणाऱ्या भागीदारांविषयी आहे. नफा व तोटा भांडवलाच्या प्रमाणात किंवा ठरलेल्या करारानुसार वाटावा, असा याज्ञवल्क्यस्मृतीचा दंडक आहे. मात्र हे व्यवहारपद आणि गणितातील 'सममिती' यांचा एकमेकांशी शाब्दिक संबंध जुळला नाही.

मराठीने सरासरीसाठी जो शब्द स्वीकारला तो फारसीतून आला. 'सरासर' म्हणजे या टोकापासून त्या टोकापर्यंत, एकंदर. त्यामुळे 'सरासरी'त मूळ कल्पना 'मध्य' ही नसून 'सर्व मिळून' ही आहे. 'सरासरीने पाहिले तर' असे म्हणताना मराठी माणूस आजही काटेकोर भागाकारापेक्षा एकंदर अंदाज सुचवीत असतो. हिंदीतील 'औसत' हा शब्द अरबीतील 'मधला' या अर्थाच्या शब्दावरून आला आहे. म्हणजे अरबीने हिंदीला 'मधला' या अर्थाचा शब्द दिला, तर इंग्रजीला 'बिघडलेला माल' या अर्थाचा. आज दोन्ही एकाच संकल्पनेसाठी वापरले जातात.

६. 'सरासरी माणसा'चा जन्म

एकोणिसाव्या शतकात सरासरीचे क्षेत्र वस्तूंवरून माणसांकडे वळले. बेल्जियन खगोलशास्त्रज्ञ अडोल्फ केटले (१७९६–१८७४) यांनी १८३५ च्या आपल्या ग्रंथात 'सरासरी माणूस' ही कल्पना मांडली. खगोलशास्त्रात अनेक निरीक्षणांचा मध्य ताऱ्याच्या खऱ्या स्थानाजवळ जातो आणि वैयक्तिक निरीक्षणे या चुका ठरतात. केटले यांनी हीच रीत समाजाला लावली. १८४६ च्या ग्रंथात त्यांनी ५,७३८ स्कॉटिश सैनिकांच्या छातीच्या मापांचे विश्लेषण केले. सरासरी सुमारे ४० इंच आली आणि इतर मापे तिच्या दोन्ही बाजूंना क्रमाने विरळ होत गेली. केटले यांच्या दृष्टीने सरासरी माणूस हा आदर्श होता, तर प्रत्यक्षातील माणसे त्या आदर्शापासून ढळलेली होती.

येथे एक तार्किक अडचण आहे. ताऱ्याचे खरे स्थान एकच असते. निरीक्षणे त्याविषयीची असतात. सैनिकांच्या बाबतीत मात्र ५,७३८ निरनिराळी माणसे आहेत. त्यांच्या मागे कोणी एक 'खरा' सैनिक नाही. व्यक्तिव्यक्तींमधील फरक ही चूक नसून तेच वास्तव आहे.

फ्रान्सिस गाल्टन (१८२२–१९११) यांनी केटले यांची गणिती चौकट घेतली, पण मूल्य उलटे केले. त्यांना असामान्यांमध्ये रस होता. सरासरी त्यांच्या दृष्टीने आदर्श नसून सुमारपणा ठरली. पालक व अपत्ये यांच्या उंचीवरील १८८६ च्या त्यांच्या प्रसिद्ध निबंधाच्या शीर्षकातच सरासरीकडे परतण्यासाठी 'मीडिऑक्रिटी'कडे परतणे असा शब्दप्रयोग आहे. माणसांची श्रेणी लावण्याची ही दृष्टी पुढे त्यांच्या सुप्रजननविचाराशी जोडली गेली. 'अ‍ॅव्हरेज' या विशेषणाला आज जी तुच्छतेची छटा आहे, तिची वैचारिक पार्श्वभूमी येथे सापडते.

सरासरी माणूस प्रत्यक्षात असतो काय, याची एक परीक्षा अमेरिकेच्या हवाई दलात झाली. १९५० मध्ये मोजमाप केलेल्या ४,०६३ वैमानिकांची आकडेवारी गिल्बर्ट डॅनियल्स यांनी तपासली व १९५२ मध्ये निष्कर्ष मांडले. उंची, छाती, हाताची लांबी अशा दहा मापांत सरासरीच्या आसपास असणारा एकही वैमानिक त्यांना आढळला नाही. सरासरी माणसासाठी बनविलेली आसनव्यवस्था म्हणजे कोणासाठीच न बनविलेली व्यवस्था होती.

७. सरासरीचा आजचा व्यवहार

सरासरीचे मूळ तत्त्व आणि तिचे आजचे रूप यांतील अंतर पीकविम्याच्या उदाहरणातून ठळकपणे दिसते. पुण्याच्या गोखले अर्थशास्त्र संस्थेतील अर्थतज्ज्ञ वि. म. दांडेकर यांनी १९७६ मध्ये क्षेत्राधारित पीकविम्याची कल्पना मांडली. लक्षावधी लहान शेतांची स्वतंत्र पाहणी करणे खर्चाचे व अव्यवहार्य आहे. शिवाय भरपाई क्षेत्राच्या उत्पन्नावर ठरल्यास शेतकरी आपल्या शेताकडे दुर्लक्ष करणार नाही, अशी त्यांची तर्कशुद्ध भूमिका होती. १९७९ ची प्रायोगिक योजना, १९८५ ची सर्वंकष योजना, १९९९ ची राष्ट्रीय कृषी विमा योजना आणि २०१६ ची प्रधानमंत्री पीक विमा योजना यांचा मुख्य पाया हाच राहिला. २०१६ च्या योजनेत मागील सात वर्षांपैकी सर्वोत्तम पाच वर्षांच्या सरासरीला जोखीमस्तराने गुणून उंबरठा उत्पन्न ठरविले जाते. चालू वर्षीचे क्षेत्राचे सरासरी उत्पन्न त्याखाली गेले तरच भरपाई मिळते.

समजा, एखाद्या महसूल मंडळाचे उंबरठा उत्पन्न हेक्टरी १० क्विंटल आहे. मंडळाची सरासरी १०.५ क्विंटल आली, तर ज्याच्या शेतात अवघे ३ क्विंटल पिकले त्याला या हिशोबाने काहीच मिळणार नाही. उलट सरासरी ८ क्विंटल आली, तर १४ क्विंटल पिकविणाऱ्यालाही विमा रकमेच्या २० टक्के भरपाई मिळेल. गारपीट, भूस्खलन यांसारख्या स्थानिक आपत्तींसाठी वैयक्तिक पाहणीच्या तरतुदी वेळोवेळी करण्यात आल्या, याचे कारण हीच उणीव होय. जहाजावरील 'अ‍ॅव्हरेज'चा आरंभ ज्याचे नुकसान झाले त्या व्यक्तीपासून होत असे. क्षेत्राधारित सरासरीत तीच व्यक्ती दिसेनाशी होण्याचा धोका आहे.

शिक्षणक्षेत्रातील व्यवहारही तपासण्यासारखा आहे. विद्यार्थ्याचा गुणबिंदूंचा मध्य काढताना श्रेयांकांचे वजन लक्षात घेतले जाते. ही रीत 'लीलावती'तील सुवर्णगणिताचीच आहे. परंतु विद्यापीठ अनुदान आयोगाने निवडाधारित श्रेयांक पद्धतीसाठी सुचविलेल्या दहा गुणबिंदूंच्या श्रेणीत ५ गुणबिंदूंना 'अ‍ॅव्हरेज' व ६ गुणबिंदूंना 'अबव्ह अ‍ॅव्हरेज' अशी नावे आहेत. 'अ‍ॅव्हरेज'च्या खाली केवळ उत्तीर्ण आणि अनुत्तीर्ण या दोनच श्रेणी उरतात. वर्गातील बहुसंख्य विद्यार्थ्यांना ७ गुणबिंदू मिळाले, तरीही ५ गुणबिंदूंचा विद्यार्थी 'सरासरी'च म्हटला जाईल. येथे 'अ‍ॅव्हरेज' हे मोजमापाचे विशेषण उरलेले नसून दर्जाचे नाव झाले आहे.

निष्कर्ष

१) 'अ‍ॅव्हरेज' या शब्दाचा मूळ अर्थ मध्य किंवा सामान्य असा नसून प्रवासात झालेली मालाची हानी असा होता. त्याचे मूळ अरबी 'अवार' या शब्दात असण्याची शक्यता अधिक आहे.

२) एकाचे नुकसान सर्वांनी प्रमाणशीर वाटून घेण्याच्या सागरी प्रथेमुळे या शब्दाला वाटणीचा आणि अठराव्या शतकात अंकगणिती मध्याचा अर्थ प्राप्त झाला. हा बदल मुख्यतः इंग्रजीत झाला.

३) भारतीय गणितात 'सममिती' ही संकल्पना बाराव्या शतकात स्पष्टपणे आढळते, मात्र ती वस्तूंच्या मापापुरती राहिली. मराठीतील 'सरासरी'त 'एकंदर' ही फारसी कल्पना टिकून आहे.

४) केटले व गाल्टन यांच्या विचारांमुळे सरासरी माणसांना लावली गेली व ती प्रथम आदर्शाचे आणि नंतर सुमारपणाचे द्योतक बनली.

५) ज्या सरासरीवर माणसाची भरपाई किंवा दर्जा ठरतो, त्या सरासरीच्या खाली कोण राहिले याची स्वतंत्र नोंद ठेवणे आवश्यक आहे. पीकविम्यासारख्या योजनांत वैयक्तिक हानीच्या पाहणीला आणि मूल्यमापनात श्रेणीबरोबर गुणांच्या प्रत्यक्ष विभागणीला स्थान मिळाले, तर ही त्रुटी बऱ्याच अंशी भरून निघू शकेल.

वादळात ज्याचा माल समुद्रात गेला, त्याला एकटे पडू न देण्यासाठी हा शब्द घडला होता. विद्यार्थ्याविषयी किंवा शेतकऱ्याविषयी निर्णय घेताना या इतिहासाची जाणीव ठेवणे उपयुक्त ठरेल.